अस्माचे डोंगर, अफसानाची गोधडी

मित्रांनो, मला गोधडी म्हणा किंवा नकाशा म्हणा, दोन्ही नावांना मी ओ देते. आता माझं वय झालं आहे. कडा विरल्या आहेत, आफ्रिकेच्या पोटातून चिंध्या डोकावतात आणि अटलांटिक महासागरावर चहाचा एक डाग कायमचा बसला आहे. पण माझ्या अंगावरचे पर्वत अजून जागच्या जागी आहेत. डोळे मिटून हात फिरवला तरी हिमालय कुठे आणि आल्प्स कुठे, ते बोटांना कळतं. मधे एकदा यांतला एक पर्वत जागचा हलला होता. तो कुणी हलवला आणि का, ते सांगायचं म्हणून आज बोलते आहे.

माझा जन्म घाटनांदूरचा. स्टेशनकडे जाणाऱ्या रस्त्यावर मुस्तकीम मिस्त्रीचं मोटारसायकली दुरुस्त करायचं दुकान आहे, आणि दुकानाच्या मागे त्याचं घर. त्याची बायको जैनबबी गोधड्या शिवायची. लोक जुनी लुगडी, धोतरं, विटलेल्या चादरी गाठोड्यात बांधून तिच्याकडे आणून टाकायचे, आणि पंधरवड्याने उबदार गोधडी घेऊन जायचे. तिचा धावदोरा इतका सरळ असायचा की रेघ मारून शिवल्यासारखा वाटावा.

जैनबबीला दोन मुली. थोरली अफसाना, आणि तिला 'बाजी' म्हणणारी धाकटी अस्मा. अस्माला जन्मापासून दिसत नव्हतं. दोघी बहिणी एकाच गोधडीत झोपायच्या. अस्मा झोपेत सगळं पांघरूण स्वतःकडे ओढून घ्यायची, आणि अफसाना गुडघे पोटाशी घेऊन कुडकुडत पडायची. तिने आईला जाब विचारला की आई म्हणायची, "तिला समजत न्हाई गं झोपेत. तू मोठी हाईस."

शेवटी अफसानाने हट्टच धरला, मला माझी एकटीची गोधडी पाहिजे. जैनबबी तिला परळीच्या बाजारात घेऊन गेली. तिथल्या दुकानात अफसानाने दुकानदाराला ताग्यामागून तागा उलगडायला लावला आणि निळं सॅटिन निवडलं. असं चकचकीत कापड गोधडीला कुणी वापरत नाही, असं दुकानदार म्हणाला. "माझ्या गोधडीला लागतंय," अफसाना त्याला म्हणाली.

घरी आल्यावर जैनबबीने जुन्या साड्यांचे थर अंथरले, वर ते निळं कापड पसरलं आणि चारी बाजूंनी टाके घालून मला बांधून घेतलं. आता फक्त मधला धावदोरा राहिला होता. मी अफसानाची होते, मित्रांनो. हे आधीच सांगून ठेवते, कारण पुढे सगळे ते विसरले.

अस्मा तेव्हा सहावीत होती. राधाकिशन सर भूगोल शिकवायचे. त्या दिवशी वर्गात जगातल्या पर्वतरांगा चालल्या होत्या. एकेक जण उठून भिंतीवरच्या नकाशात छडीने पर्वत दाखवत होता. अस्माची पाळी आली तशी ती उठली, चाचपडत नकाशापर्यंत गेली आणि तिने दोन्ही हातांनी सगळा कागद पालथा घातला. मग ती म्हणाली, "सर, ह्यो तर समदा सपाट हाय. डोंगर कुठं हायत?"

वर्ग हसला. सर हसले नाहीत. त्याच दिवशी शाळा सुटल्यावर ते मुस्तकीमच्या दुकानावरून सरळ मागच्या दारी आले.

"भाभी," ते म्हणाले, "माझ्याकडं नकाशा हाय आन् तुमच्या हातात सुई हाय. पोरीसाठी जग शिवता का?"

जैनबबीने हातातलं काम बाजूला ठेवलं. "जग केवढं असतंय सर?"

"तुमच्याकडं कापड हाय तेवढं."

तिची नजर घरभर फिरली आणि पेटीवर घडी करून ठेवलेल्या माझ्यावर येऊन थांबली. तिने मला उचललं. क्षणभर ती तशीच उभी राहिली. मला वाटलं, आता ही मला परत ठेवेल. पण तिने विचारलं, "समुद्र निळाच असतोय ना, सर?"

अफसाना गिरणीवरून दळण घेऊन आली तेव्हा मी जमिनीवर पसरलेली होते आणि सर माझ्यावर खडूने आशिया खंड काढत होते.

"अम्मी! ही माझी गोधडी हाय!"

"तुला दुसरी शिवते की."

"कावून घेतली मला न इचारता?"

"अस्माच्या शाळेचं काम हाय, अफसाना. सरांसमोर तमाशा करू नको."

अफसानाने पिठाचा डबा ठेवला आणि ती दुकानात जाऊन बसली. दुसरी गोधडी जैनबबीने कधी शिवली नाही. शिवायची नव्हती असं नाही, पण गिऱ्हाइकांची कामं संपायची नाहीत आणि उद्यावर ढकललेलं काम तसंच राहायचं.

मग जग शिवायला सुरुवात झाली. खंड सुती लुगड्यांचे होते, म्हणजे जमीन खरखरीत आणि समुद्र गुळगुळीत. सर खडूच्या रेघा मारून गेले होते, पण कुठल्या रेघेला काय म्हणायचं ते जैनबबीला वाचता येत नव्हतं. मग तिने अफसानाला शेजारी बसवलं आणि सरांचं नकाशाचं पुस्तक तिच्या हातात दिलं.

"आता काय लावू?"

"रॉकी पर्वत," अफसाना रुसलेल्या आवाजात सांगायची. "उत्तर अमेरिकेच्या डाव्या अंगाला. वरून खालपर्यंत."

"आन् उजव्या अंगाला?"

"अपालाचियन. त्यो लई जुना हाय म्हणं, झिजलेला. त्याला बारीक दोरी लाव."

रुसवा धरूनही तिला त्यात गोडी वाटू लागली, ते मला तिच्या बोटांवरून कळायचं. हिमालयाला मुस्तकीमची जुनी जीन पॅन्ट लागली. ती गुंडाळून, थरावर थर देऊन, धनुष्यासारखी वाकवून भारताच्या डोक्यावर बसवली आणि एव्हरेस्टच्या जागी सदऱ्याचं बटण टाकलं. पामीरच्या पठारापासून चारी दिशांना डोंगर फुटतात, हिंदुकुश, काराकोरम, कुनलुन, तिएनशान. अफसानाने पुस्तकात ते वाचलं आणि तीच म्हणाली, "अम्मी, तिथं गाठ मार ना, समद्या दोऱ्यांची." अशी पामीरची गाठ झाली. युरोप आणि आशियाच्या मधे सरळ उभा उरल. काळा समुद्र आणि कॅस्पियन यांच्यामधे कॉकेशस. युरोपात चंद्रकोरीसारखा आल्प्स. आफ्रिकेच्या वायव्य टोकाला अ‍ॅटलास, दक्षिणेला ड्रॅकन्सबर्ग, आणि किलिमांजारोला एकट्याला एक बटण, कारण तो कुठल्याच रांगेत बसत नाही. ऑस्ट्रेलियात पूर्वेच्या कडेने ग्रेट डिव्हायडिंग रेंज. आपल्याकडे सह्याद्रीला पश्चिम किनाऱ्यालगत सुतळी लावली आणि त्यातून आग्नेयेकडे उतरणारा आपला बालाघाट, त्याला एकच दोरा, कारण दोऱ्याहून जाड काही मावतच नव्हतं.

शेवटी अँडीज राहिला. जमिनीवरची जगातली सगळ्यांत लांब पर्वतरांग, दक्षिण अमेरिकेच्या पश्चिम किनाऱ्याला खेटून उत्तरेपासून पार दक्षिण टोकापर्यंत. तेवढं लांब कापड सापडेना. जैनबबीने पेटी उघडली आणि अफसानाची लाल ओढणी बाहेर काढली.

"ही तू आता घेत न्हाईस."

"घेते की!"

तोवर आईने ओढणीला पीळ घातला होता.

मी तयार झाले आणि शाळेच्या भिंतीवर चढले. अस्मा रोज माझ्यासमोर उभी राहायची. तिची बोटं पातळ आणि गरम होती. पामीरच्या गाठीवरून निघून ती हिमालय चढायची, उतरून उरलपर्यंत जायची, समुद्र ओलांडायची. थोड्याच दिवसांत तिला सगळं जग पाठ झालं. दुसऱ्या गावचे शिक्षक बघायला येऊ लागले. एकदा कुणीतरी फोटो काढायला घरी आलं, म्हणून मलाही शाळेतून घरी आणलं. फोटोत जैनबबी होती, अस्मा होती, राधाकिशन सर होते. अफसाना आत चहा करत होती. अटलांटिकवरचा डाग तेव्हाचाच. कप ठेवताना तिच्या हातून चहा हिंदकळला असं सगळे म्हणाले. मी काही म्हणत नाही.

तिला कसं वाटत असेल ते मला चांगलं कळत होतं, कारण जळणं मला नवीन नव्हतं. माझ्याच सोबत जैनबबीने गावातल्या मोहनरावांच्या घरची गोधडी शिवली होती. मी घरी असताना ती कधी उसवलेले टाके घालायला परत आली की मी तिच्याकडे बघत राहायचे. तिला माणसांचा वास होता, तिच्यावर लेकरं लोळली होती. माझी लोक स्तुती करायचे, आणि मला खिळ्याला टांगून निघून जायचे. शिवाय जो तो फक्त डोंगरांवर हात फिरवायचा. माझा एवढा मोठा निळा समुद्र, अफसानाने निवडलेला, त्यावर कुणाचं बोट थांबायचं नाही.

पुढच्या हिवाळ्यात अंबाजोगाईला तालुक्याचं शालेय प्रदर्शन ठरलं. राधाकिशन सरांनी प्रदर्शनाला शहरातल्या अंध मुलींच्या एका निवासी शाळेच्या मुख्याध्यापिकेला, मनिषा मॅडमना बोलावलं. अस्माने पर्वत सांगताना त्यांनी ऐकलं, तर जूनपासून त्या तिला आपल्या शाळेत घेतील, असं सरांच्या मनात होतं. मुस्तकीमची तयारी नव्हती. न दिसणारी पोर घरापासून दूर कशी राहील, हा त्याचा घोर. सर म्हणाले, "मिस्त्री, एकदा स्टेजवर बघा तिला. मग ठरवा."

प्रदर्शनाच्या आठवड्यात मी घरीच होते, सैल झालेले टाके पक्के करायला आणलेली. त्यामुळे नवराबायकोचं बोलणं मी ऐकलं. आणि दारामागे उभ्या असलेल्या अफसानानेही ऐकलं.

"अस्मा शिकली तर सोताच्या पायावर उभी ऱ्हाईल," मुस्तकीम म्हणत होता. "येवढं सर म्हणायलेत तर बघू पाठवून."

"आन् अफसानाचं? तिला बी दहावी झाली की अंबाजोगाईच्या कॉलेजात जायचंय म्हणं."

"तिला काय गरज हाय? तिला समदी कामं येत्यात."

अफसाना माझ्याजवळ येऊन बसली. तिने पामीरची गाठ मुठीत घट्ट धरली आणि दाबली. "डोळे मला," ती पुटपुटली, "आन् जग हिला."

प्रदर्शनाच्या आदल्या दिवशी दुपारी जैनबबी शिवलेल्या गोधड्या पोचवायला गेली होती आणि अस्मा शाळेत सरांपुढे सराव करत होती. अफसानाने दार लोटून घेतलं. आईच्या शिलाई मशीनच्या खणातलं अर्धं ब्लेड काढलं आणि माझ्या दक्षिण अमेरिकेवर वाकली.

"ओढणी तर माझीच हाय," ती म्हणाली.

एकेक टाका तुटत गेला. मित्रांनो, नुसता पर्वत काढून ती थांबली असती तरी वेगळी गोष्ट होती. ती थांबली नाही. तिने सुईत दोरा ओवला आणि तो अँडीज पूर्व किनाऱ्याला लावला, ब्राझीलच्या बाजूला, जिथे तो कधी नव्हताच. अस्माचं बोट लाल ओढणीमागे जाईल आणि अस्मा सगळ्यांसमोर पूर्व म्हणेल, असा तिचा हिशेब. अफसानाला शिवण उत्तम यायचं. पण तिचे टाके आईसारखे लांब नव्हते. बारीक, गच्च, मुंगीच्या पावलांसारखे. पश्चिमेला रिकाम्या झालेल्या छिद्रांवरून तिने नखाने घासून घासून कापड सारखं केलं. मला तोंड असतं तर मी ओरडले असते. तसं पाहिलं तर कुणाच्या बाजूने ओरडले असते, हे मला तेव्हाही ठरवता आलं नसतं.

दुसऱ्या दिवशी अंबाजोगाईच्या एका शाळेच्या सभागृहात माझ्या वरच्या कडेत एक बांबू ओवला. बांबूचं एक टोक राधाकिशन सरांनी धरलं आणि दुसरं धरायला अफसानाला उभं केलं. मुस्तकीम पहिल्या ओळीत बसला होता, धुतलेला सदरा घालून, नखांत अडकलेलं काळं ऑइल लपवायला मुठी वळून. परीक्षकांच्या टेबलाशी मनिषा मॅडम बसल्या होत्या.

अस्मा माझ्यासमोर आली. "हे जग माझ्या अम्मीनं शिवलं," तिने सुरुवात केली. "ही पामीरची गाठ." आणि मग ती थांबली नाही. काराकोरम, हिमालय, अरवली, विंध्य, सातपुडा, सह्याद्री. "आन् ह्यो आमचा बालाघाट. आत्ता आपण समदे त्याच्यावरच बसलोत." लोक हसले, टाळ्या पडल्या. मुस्तकीमच्या मुठी सुटल्या. अस्मा उरलवरून आल्प्सला गेली, भूमध्य समुद्र ओलांडून अ‍ॅटलासला गेली, तिथून अटलांटिक पार करून रॉकीवर चढली आणि मध्य अमेरिकेच्या चिंचोळ्या पट्टीवरून खाली दक्षिण अमेरिकेत उतरली.

तिची बोटं पश्चिम किनाऱ्याला गेली. तिथे काहीच नव्हतं.

ती थबकली. पुन्हा वर गेली, पुन्हा खाली आली. मग तिला छिद्रं लागली. एकामागून एक, खालपर्यंत. बोटं पूर्वेकडे सरकली आणि ओढणीच्या पिळाला टेकली. ओढणीच्या कडेने तिने टाके चाचपले, बारीक, गच्च टाके. माझ्या अंगावर तिची बोटं गार पडली. अस्माने लहानपणापासून आईने आणि बहिणीने शिवलेलेच कपडे घातले होते. आईचा टाका कुठला आणि बहिणीचा कुठला, हे तिला सांगायची गरज नव्हती.

 कुणीतरी मागून "विसरली" असं कुजबुजलं.

अस्माने हात काढून घेतला, बांबूच्या टोकाकडे तोंड वळवलं आणि सगळ्यांना ऐकू जाईल असं विचारलं, "बाजी, अँडीज कुठं हाय?"

"बाळ, मदत घेता येणार नाही," एक परीक्षक म्हणाले. मनिषा मॅडमनी हात वर करून त्यांना थांबवलं.

 अफसानाचे ओठ हलले. खोटा शब्द तिच्या तोंडात तयार होता, आणि पुढ्यात तिची बहीण उत्तराची वाट पाहत उभी होती. पहिल्या ओळीत बाप होता. 

"पश्चिमेला," अफसाना म्हणाली.  "समुद्राला चिकटून. तुझं बोट पयलं गेलतं ना अस्मे, तिथंच हाय त्यो. मी काढला तिथून. काल."

मुस्तकीम उठून उभा राहिला. शेजारच्यांनी त्याला हाताला धरून खाली बसवलं.

अस्मा परत माझ्याकडे वळली. तिने रिकाम्या छिद्रांवर बोट ठेवलं आणि त्या ओळीवरून खाली नेत म्हणाली, "अँडीज पर्वत दक्षिण अमेरिकेच्या पश्चिम किनाऱ्याला हाय. उत्तरेपासून दक्षिण टोकापर्यंत. ह्या समद्या डोंगरांची नावं माझ्या बाजीनं वाचून अम्मीला सांगितलीत. ती नसती तर अम्मीला कुठला डोंगर कुठं लावायचा ते कळलं नसतं." मग तिने ऑस्ट्रेलियाही सांगितला आणि नमस्कार केला.

बक्षीस काही अस्माला मिळालं नाही. ते दुसऱ्या शाळेच्या संस्कृती नावाच्या मुलीने केलेल्या धूर सोडणाऱ्या ज्वालामुखीला गेलं. तो ज्वालामुखी लोकांनी डोक्यावर घेतला, आणि अशा दिवशीही मला त्याचा हेवा वाटल्याशिवाय राहिला नाही. पण मनिषा मॅडम उठून अस्माजवळ आल्या.

"पर्वत कुणी हलवला, ते तुला कळलं होतं ना?"

"व्हय. टाके वळखू येत्यात."

"आणि तो खरा कुठे आहे, तेही माहीत होतं. मग तिला का विचारलंस?"

अस्माने बहीण उभी होती तिकडे तोंड वळवलं. मॅडमनी तिच्या डोक्यावर हात ठेवला आणि मुस्तकीमला म्हणाल्या, "जूनमध्ये हिला घेऊन या."

 मुस्तकीमने त्यानंतर कितीतरी दिवस अफसानाशी बोलणं टाकलं. ती भाकरी वाढायची, तो ताटाकडे बघत जेवायचा. राधाकिशन सर मला न्यायला आले तर जैनबबीने मला दिलं नाही. "असला खोटा नकाशा शाळेत नको," ती म्हणाली. सर म्हणाले, तुम्ही दोन मिनिटांत शिवाल. जैनबबीने मान हलवली. "जिनं काढला तिनंच लावायचा."

सर गेल्यावर ती अफसानासमोर बसली. "गोधडी तुझी व्हती," ती म्हणाली. "तुला न इचारता घेतली, ते माझं चुकलं. डोंगर काढला, ते तुझं."

अफसाना ढसाढसा रडली, पण माझ्याकडे आली नाही. हिवाळा गेला, उन्हाळा गेला. चुकीच्या जागी बसलेला अँडीज घेऊन मी खिळ्याला लटकत राहिले. अफसाना माझ्यासमोरून जाताना मान फिरवून जायची.

अस्माची पेटी भरून झाली. उद्या निघायचं, त्या दुपारी अफसानाने मला खिळ्यावरून उतरवलं, अंथरलं आणि ब्लेड घेतलं. ब्लेडचा आवाज ऐकून अस्मा पलीकडच्या बाजूला येऊन बसली आणि तिने कापड ताणून धरलं. पूर्वेकडची ओढणी सुटली. अफसाना ती पश्चिमेला लावू लागली.

"राग आला न्हाई तुला?" तिने खाली मान घालूनच विचारलं.

"लई आला. अजून हाय."

सुई आत-बाहेर होत राहिली.

"बाजी, तू पूर्व म्हणली असतीस ना," अस्मा म्हणाली, "तर मी बी पूर्वच म्हणले असते."

अफसानाचा हात थांबला. "कावून? तुला तर समदं म्हाईत व्हतं."

"मी बरूबर सांगायचं म्हणजे अब्बासमोर तुला चोर ठरवायचं. ते मला जमत नव्हतं. म्हणलं, हसायचं तर दोघींना हसू दे लोक. म्हणून तुझ्यावर सोडलं."

अफसानाने सुई कापडात टोचून ठेवली. "मला तुझा लई हेवा वाटतोय अस्मे. उद्या तू जाशील तर अजून वाटंल."

"म्हाईत हाय. मला बी तुझा वाटतोय. तुला परळीच्या दुकानात रंग निवडू दिला. मला कुणी रंग इचारत न्हाई."

 अफसानाने सुई पुन्हा उचलली, आणि तिचे बारीक, गच्च टाके माझ्या पश्चिम किनाऱ्याला उतरत गेले. अँडीज जागेवर बसला.

अस्मा गेली. तिच्या नव्या शाळेत कडक प्लास्टिकचे, उठाव असलेले नकाशे होते, प्रत्येक पर्वताशेजारी ब्रेलमधलं नाव. सुट्टीत आली की ती त्यांचं इतकं कौतुक सांगायची की माझ्या चिंध्या चिंध्या जळायच्या. त्या प्लास्टिकला ना पीळ, ना गाठ, आणि तरी अस्माची बोटं आता त्याची होती. मला डांबराच्या गोळ्या घालून पेटीत ठेवलं. अंधारात दोन-तीन वर्षं गेली. उंदराने आफ्रिका कुरतडली ती तेव्हाच.

मला बाहेर काढलं ते अफसानाने. मुस्तकीमने पुढे तिला अंबाजोगाईच्या कॉलेजात घातलं. आपण होऊन नाही, जैनबबी त्याच्या मागेच लागली म्हणून. अफसाना एसटीने जाते-येते आणि भूगोल शिकते. मी आता तिच्या शिलाई मशीनच्या वर टांगलेली असते. परवा अस्माचा फोन आला. शाळेतल्या मुलींसोबत ती सह्याद्रीतला कुठलासा डोंगर चढून आली होती.

"मी लई जळायलेय तुझ्यावर," अफसाना फोनवर म्हणाली. आता ती हे तोंडावर सांगते. "मी अजून परळी-अंबाजोगाईच्या पलीकडं गेले न्हाई. वरून कसं दिसत व्हतं गं?"

"मला काय म्हाईत कसं दिसतंय!" अस्मा पलीकडून खदखदून हसली. "वारं लई व्हतं, बाजी. उभं ऱ्हाऊ देईना. पुढच्या खेपंला तू चल, मग बघून सांग मला."

मित्रांनो, तुमच्या शाळेतही एखादा जुना नकाशा असेल. त्याला गुंडाळून कपाटामागे टाकू नका, वर्षातून एकदा उन्हात घाला, फाटला तर कडेने टाके घाला. तो तुम्हाला जग दाखवतो, तेवढी काळजी घ्यायला हरकत नाही. आणि दुसरी विनंती तुमच्या घरच्या मोठ्या माणसांना करायची आहे, ती तुम्हीच त्यांना वाचून दाखवा. एका लेकराचं काही काढून दुसऱ्याला द्यायचं असेल, तर खुशाल द्या. फक्त कापडावर खडूची रेघ ओढायच्या आधी, ते ज्याचं आहे त्याला एकदा विचारा. ते बहुतेक हो म्हणेल.